गुणी बाळ

उज्ज्वलाचं बाळ फार गुणी आहे, असं चाळीतल्या सगळ्या बायका म्हणायच्या. भूक लागली तरी गळा काढायचं नाही. कुणी उचललं तरी ठीक, नाही उचललं तरी ठीक. सुरतेच्या बमरोलीतल्या त्या चाळीच्या मागच्या भिंतीला लागून लूमचं, म्हणजे यंत्रमागांचं, खातं होतं आणि त्याचा खटखटाट दिवसभर भिंतीतून घरात यायचा. दुसऱ्यांची लेकरं त्या आवाजानं दचकून उठायची, पण हिरेन पाळण्यात डोळे उघडे ठेवून शांत पडलेला असायचा. त्याची आजी प्रमिलाबाई येणाऱ्या-जाणाऱ्याला अहिराणीत सांगायची, "पोऱ्या गुणी शे. रडस नही, काही नही."

हे शब्द कानावर आले की आतल्या खोलीत साड्यांना टिक्क्या लावत बसलेल्या सुमनचा हात थांबायचा. तीन वर्षांपूर्वी त्याच उंबऱ्यात बसून प्रमिलाबाईनं हेच शब्द सुमनच्या भावेशबद्दल काढले होते.

सुमन थोरली सून. तिचा नवरा रामदास आणि धाकटा दीर गोपाल दोघंही लूमवर कामाला. सासरे लोटू यांनीही उभा जन्म सुरतेत लूमवरच काढला होता. कान अधू झाले, डोळ्यांना धागा दिसेनासा झाला, तेव्हा ते घरी बसले. मूळ गाव पारोळ्याजवळचं. घर म्हणजे एकामागे एक अशा दोन खोल्या. पुढच्या खोलीत सासू-सासरे, गोपाल आणि उज्ज्वला, आतल्या खोलीत सुमनचा संसार. मधे एक दार, ते कधी लावलेलं नसायचं.

चौऱ्याण्णवमध्ये शहरात प्लेगची अफवा उठली आणि मग अफवा खरी ठरली, तेव्हा सुमनला नुकतेच दिवस गेले होते. सासू-सासरे गावी होते. तोंडाला रुमाल बांधलेली माणसं उधना स्टेशनकडे धावत होती, डब्यांच्या दारांना लोंबकळत होती. जो तो टेट्रासायक्लिन खात होता. रामदासनं रांगेत उभं राहून कॅप्सूल आणल्या, स्वतः खाल्ल्या आणि सुमनलाही दिल्या. तिनं विचारलं, मला चालतील का? तो म्हणाला, मरण्यापेक्षा बरं. तिनं गिळल्या. मग तीही दोघं गर्दीत उभ्यानं प्रवास करून गावी पोचली. पुढच्या उन्हाळ्यात भावेश झाला. गोरा, अंगानं भरलेला, शांत.

दीड वर्षाचा झाला तरी तो बोलेना. हाक मारली तर वळून बघेना. कान तपासले, कान चांगले होते. एका डॉक्टरनं सांगितलं, मुलगे उशिरा बोलतात. दुसऱ्यानं टॉनिक लिहून दिलं. भावेश चवड्यांवर चालायचा, धाग्याची रिकामी बॉबिन फरशीवर गरगर फिरवत तासन्‌तास बसायचा आणि कुणी ती काढून घेतली तर कपाळ भिंतीवर आपटायचा. दार उघडं दिसलं की सरळ रस्त्याला लागायचा. प्रमिलाबाईनं निकाल देऊन टाकला होता. पोटुशी असताना कॅप्सूल खाल्ल्या, त्यांच्या उष्णतेनं लेकराचा मेंदू पोटातच जळला. चाळीतही तेच पसरलं. रामदास यावर कधी एक शब्द बोलला नाही. मात्र तेव्हापासून त्यानं घरात कसलीही गोळी आणली नाही. डोकं दुखलं तर फडकं बांधून पडायचा.

गोपालचं लग्न ठरवायला अमळनेरकडची माणसं आली त्या दिवशी भावेशला शेजारणीकडे ठेवलं होतं. पण अशी गोष्ट लपत नाही. पाहुण्यांनी विचारलंच. तेव्हा प्रमिलाबाईनं प्लेग, कॅप्सूल आणि थोरल्या सुनेचा उतावळेपणा सगळं सांगितलं. पाहुण्यांना ते पटलं. कारण कळलं की माणसाला धीर येतो.

उज्ज्वला घरात आली आणि काही महिन्यांतच तिला दिवस राहिले. तिनं सगळं पाळलं. चंद्रग्रहण होतं तेव्हा अंगावर चादर घेऊन सरळ पडून राहिली, कूसही बदलली नाही. दवाखान्यातून मिळालेल्या लोहाच्या गोळ्यासुद्धा तिनं घेतल्या नाहीत, डब्यात तशाच ठेवल्या. "ताईंसारखं व्हायला नको," असं ती सुमनच्या समोरच आपल्या आईला म्हणाली. तिच्या मनात वाईट नव्हतं. सुमनला ते कळत होतं, म्हणूनच तिला उलट काही बोलता आलं नाही.

हिरेन अठ्ठ्याण्णवच्या फेब्रुवारीत झाला. नाव गोपालनं ठेवलं. सुरतेत राहायचं तर नाव सुरतेचं असावं, असं त्याचं म्हणणं.

पावसाळ्यात उज्ज्वला तापानं पडली. प्रमिलाबाईचा हात मुरगळला होता, म्हणून बाळाची आंघोळ सुमनकडे आली. तोवर तिनं त्याला फारसं घेतलं नव्हतं. तिला कुणी नको म्हटलं नव्हतं, पण तिच्याकडे द्यायला कुणी पुढेही येत नव्हतं. तिनं पाय पसरले, त्याला पायांवर उताणं घेतलं आणि तेल चोळायला लागली. बाळ तिच्या हाताखाली मऊ होतं, उबदार होतं. ती त्याच्याशी बोलत होती. त्याची नजर मात्र तिच्या बांगड्यांवर होती. तिनं हात मागे घेतला, तशी नजर बांगड्यांमागे गेली. ती वाकली आणि आपला चेहरा अगदी त्याच्यासमोर नेला. त्याची नजर तिच्या कानावरून पलीकडे सरकली आणि मोरीच्या नळातून पडणाऱ्या धारेवर जाऊन थांबली. नजर चुकवणं नव्हतं ते. चेहरा नावाची काही वस्तू तिथे आहे, हेच त्याला जाणवत नसावं.

ही नजर सुमनला ओळखीची होती. भावेशला पायांवर घेऊन तिनं ती महिनोन्‌महिने बघितली होती, आणि तेव्हा ती काय आहे हे तिला कळलं नव्हतं.

तिनं स्वतःची समजूत काढली. लहान आहे अजून, नळाच्या पाण्याकडे कोणतंही पोर बघतं. पण त्यानंतर तिला राहवेना. उज्ज्वला बरी झाली, आंघोळ पुन्हा प्रमिलाबाईकडे गेली, तरी सुमन काही ना काही निमित्त काढून पुढच्या खोलीत जायची. पाळण्यामागे उभी राहून हळूच हाक मारायची, "हिरेन." थांबायची. पुन्हा हाक मारायची. हिरेन पाळण्याच्या दोरीकडे बघत राहायचा. मग ती चमचा वाटीवर वाजवायची, आणि तो लगेच वळायचा. म्हणजे कान ठीक होते. पदराआड तोंड लपवून एकदम बाहेर काढायची. चाळीतली दुसरी पोरं खिदळायची, हिरेन हसायचा तो पदराची किनार हलली म्हणून. घ्यायला हात पुढे केले तर त्यानं कधी आपले हात वर केले नाहीत. उचललं की पिठाच्या गोणीसारखा यायचा.

दर वेळी तिला वाटायचं, आज बघेल. आज बघितलं तर आपण हा विचार सोडून देऊ. त्यानं बघितलं नाही.

एकदा रामदास पाळीवरून येऊन जेवत होता तेव्हा तिनं विषय काढला. त्यानं घास हातात धरून ऐकून घेतलं. मग म्हणाला, "हे तू पुन्हा बोलायचं नाही."

"आत्ताच दाखवलं तर काही उपाय निघेल. आपण उशीर केला."

"उपाय निघाला नाही तर? आपलं पोर तसं म्हणून त्यांचंही तसंच व्हावं असं तुला वाटतं, हेच म्हणतील सगळे." त्यानं ताट सरकवलं. "आणि मलाही तसंच वाटेल."

पण गप्प बसणं तिला सोसेना. बाहेर प्रमिलाबाई गुणी बाळाचं कौतुक सांगायची आणि सुमनला वाटायचं, घराच्या पायाखालून पाणी वाहतंय, आपल्याला एकटीलाच ऐकू येतंय.

दिवाळीच्या आधी उज्ज्वलानं तिला पकडलं. ती बाहेरून पाणी भरून आली तर सुमन पाळण्याजवळ बसून हिरेनच्या डोळ्यांपुढे चमकती टिक्की धरत होती आणि ती हळूहळू आपल्या चेहऱ्याकडे नेत होती. टिक्की चेहऱ्याजवळ आली की हिरेन नजर काढून घ्यायचा. उज्ज्वलानं हंडा खाली ठेवला.

"ताई, तुम्ही माझ्या पोराकडे असं काय बघता?"

सुमनला खरं सांगता आलं नाही आणि खोटंही सुचलं नाही. ती नुसती उठली. तेवढंच पुरलं. प्रमिलाबाईनं मीठ-मोहरी उतरवून चुलीत टाकली, ती तडतडली, आणि नजर कुणाची होती ते नाव न घेता सगळ्यांना समजलं. त्या संध्याकाळी दोन खोल्यांमधलं दार गोपालनं पहिल्यांदा लावून घेतलं. आतून बाहेर जायचं तर सुमनला बाजूच्या बोळातून जावं लागायला लागलं.

हिवाळा तसाच गेला. फेब्रुवारीत हिरेनचा पहिला वाढदिवस झाला. गोपालनं हौसेनं केक आणला, फुगे लावले, चाळीतली माणसं बोलावली. सुमनला बोलावलं नाही, पण रामदासला जावं लागलं. परत आल्यावर तो बराच वेळ बुटांची नाडी सोडत बसला. मग त्यानं खालमानेनं सांगितलं. सगळे टाळ्या वाजवत होते, हिरेन हिरेन म्हणत होते. तो आईच्या कडेवर होता आणि एक फुगा फिरत होता तिकडे बघत होता. नावाला एकदाही वळला नाही. कुणीतरी हसून म्हणालं, साहेब आपल्याच तंद्रीत आहेत.

"तू म्हणत होतीस ते," रामदास म्हणाला आणि बूट कोपऱ्यात सरकवले.

उन्हाळा लागला. एका दुपारी सुमन टिक्क्या लावत बसली होती. भावेश कोपऱ्यात होता. भिंतीपलीकडे लूम चालू होते. मधल्या दाराची कडी वाजली आणि हिरेनला घेऊन उज्ज्वला आत आली. सासू बाजारात गेली होती. उज्ज्वला सुमनजवळ बसली. तिनं हिरेनला खाली सोडलं तसा तो रांगत भावेशजवळ गेला, भावेशकडे न बघता त्याच्या शेजारी बसला आणि फिरणाऱ्या बॉबिनवर डोळे लावले. भावेशनंही त्याच्याकडे बघितलं नाही. दोघी जावा ते बघत राहिल्या.

"भावेश तुमच्याकडे बघत नाही, हे तुम्हाला कधी कळलं?" उज्ज्वलानं विचारलं.

"फार उशिरा. दीड वर्षाचा असेल."

"मला चौथ्या महिन्यापासून कळत होतं." ती हलक्या आवाजात, पण भराभर बोलत होती, थांबलं तर पुन्हा बोलता येणार नाही असं. "अंगावर पाजताना. मी खाली बघायचे, तो भिंतीकडे बघायचा. मी जागा बदलायचे, बाजू बदलायचे. मला वाटायचं, माझ्याच तोंडात काही खोट आहे. तुम्ही टिक्की धरून बसला होतात ना, ते मी सुद्धा करून बघितलं होतं. गजऱ्यानं. म्हणून मी चिडले. मला जे दिसत होतं तेच तुम्हाला दिसत होतं."

सुमननं तिच्या पाठीवर हात ठेवला.

"मधे तो पा म्हणायला लागला होता. पाण्याला. दहा-बारा दिवस म्हणाला. मग गेलं ते. कुठे जातं, ताई? आलेला शब्द कुठे जातो?"

भावेशचाही एक शब्द असाच गेला होता, हे सुमननं तेव्हा सांगितलं नाही.

"मी तर काहीच खाल्लं नव्हतं," उज्ज्वला म्हणाली. "सगळं पाळलं होतं. मग माझ्या पोटात काय झालं?" मग तिनं पदर सारखा केला आणि म्हणाली, "मला परत दिवस राहिलेत. अजून कुणाला सांगितलं नाही."

शहरात एका मोठ्या दवाखान्यात लहान मुलांची एक डॉक्टरीण महिन्यातून एकदा मुंबईहून यायची, असं कळलं होतं. हिरेनला तिला दाखवायचं उज्ज्वलानं ठरवलं. रामदास आणि गोपाल दोघांची दिवसपाळी होती. दोघी बायकांनी एकट्या शहरात जाऊ नये म्हणून लोटू बरोबर निघाले. भावेशला एवढ्या गर्दीच्या बसमधून नेणं शक्य नव्हतं. तो प्रमिलाबाईजवळ राहिला.

डॉक्टरीण वयानं फार मोठी नव्हती. तिनं हिरेनला टेबलावर न ठेवता चटईवर सोडलं आणि स्वतःही त्याच्यासमोर खाली बसली. हाक मारून पाहिली, खेळणं लपवून पाहिलं, बोटानं खिडकी दाखवून पाहिली. हिरेननं खिडकीकडे बघितलं नाही, तिच्या बोटाकडेच बघत राहिला. सुमनला ओळखीचं वाटलं. हे सगळं तिनं पाळण्याजवळ बसून केलं होतं. फक्त याला नाव आहे हे तिला ठाऊक नव्हतं. डॉक्टरीण म्हणाली, याला ऑटिझम म्हणतात. एवढ्या लहान वयात मी पक्कं सांगत नाही, पण खुणा त्याच आहेत.

मग तिनं उज्ज्वलाला गरोदरपणाबद्दल विचारलं. ताप आला होता का, पडली होतीस का, बाळ जन्मल्यावर लगेच रडलं का. उज्ज्वला एकेकाला नाही, हो असं उत्तर देत गेली आणि शेवटी म्हणाली, मी ग्रहणसुद्धा पाळलं होतं. डॉक्टरीण हसली नाही. सुमननं मग भावेशचं सांगितलं आणि कॅप्सूलचं विचारलं. चार वर्षांत तिनं हा प्रश्न कुणालाच विचारला नव्हता.

"गरोदर बाईला त्या कॅप्सूल देऊ नयेत, हे खरं," डॉक्टरीण म्हणाली. "मुलाचे दात पिवळे पडू शकतात. पण त्यांनी हे झालं असं मी म्हणणार नाही. हिनं तर काहीच घेतलं नव्हतं, तरी तेच झालं. बाळाचा मेंदू पोटात घडत असतो तेव्हाच याची सुरुवात होत असावी, असं आता मानतात. नेमकी कशानं, ते कुणालाच माहीत नाही. आईच्या चुकीनं नाही, एवढं मी सांगू शकते. काही घराण्यांत ते जास्त दिसतं." मग तिनं विचारलं, "दोघींचे नवरे सख्खे भाऊ ना? घरात आणखी कुणी असं होतं का?"

दोघींनी एकमेकींकडे बघितलं. त्यांना काही माहीत नव्हतं. लोटू दाराशी स्टुलावर बसले होते. त्यांना नीट ऐकू येत नसे, म्हणून डॉक्टरणीनं प्रश्न पुन्हा मोठ्यानं विचारला. त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली.

"मना भाऊ उखा असाच व्हता," ते म्हणाले. उज्ज्वलानं ते डॉक्टरणीला मराठीत सांगितलं, त्यांचा भाऊ उखा असाच होता.

निघताना उज्ज्वलानं पोटावर हात ठेवून विचारलं, "आणि हे?"

"होईलच असं नाही. होणार नाही असंही नाही. पोटात असताना कळत नाही. जन्मल्यावर लक्ष ठेव आणि काही दिसलं तर उशीर करू नकोस."

बसची वाट बघताना लोटूंनी उखाचं सांगितलं. इतक्या वर्षांत हे नाव त्यांनी मुलांसमोरही काढलं नव्हतं. उखा त्यांच्यापेक्षा लहान. बोलायचा नाही. मोटेचं चाक फिरताना बघत उन्हात दिवसभर बसायचा. सारखा निघून जायचा, दोनदा नदीवरून धरून आणला. मग बापानं त्याला गोठ्यात बांधायला सुरुवात केली, दाव्यानं, पायाला. आधी शेतावर जायच्या वेळेपुरतं, मग दिवसभर. प्रमिलाबाई लग्न होऊन आली तेव्हा उखा पंधरा-सोळा वर्षांचा होता. त्याचं ताट गोठ्यात नेऊन ठेवायचं काम नव्या सुनेकडे आलं. एका चैत्रात गोठ्याला आग लागली. सगळे धावले. गुरं सोडली. उखाची गाठ ओढून ओढून घट्ट झाली होती, ती लोटूंना सुटली नाही.

बस आली. ते चढले.

घरी पोचले तेव्हा पुढचं दार लोटलेलं होतं. प्रमिलाबाई तांदूळ निवडत होती. भावेश खाटेच्या पायाशी बसला होता. जुन्या साडीची एक पट्टी त्याच्या घोट्याला बांधलेली होती, तिचं दुसरं टोक खाटेच्या पायाला. तो रडत नव्हता. बॉबिन फिरवत होता. पट्टीला ताण पडून घोट्याभोवती लाल वळ उठला होता.

"दार उघडं व्हतं," प्रमिलाबाई म्हणाली. "रस्तावर पळी जाता ते? मी म्हातारी काय करती?"

तिचं म्हणणं खोटं नव्हतं. रस्त्यावर ट्रक होते, पलीकडे खाडी होती. लोटू आत गेले, गुडघे धरून भावेशपाशी खाली बसले आणि गाठ सोडायला लागले. गाठ लवकर निघेना. सुमननं टिक्क्यांच्या टोपलीतली कात्री पुढे केली. त्यांनी ती घेतली नाही. हातानंच सोडत राहिले आणि शेवटी सुटली तेव्हा पट्टी हातात धरून तिथेच बसून राहिले.

"आत्याबाई," सुमन म्हणाली, "माझा भावेश उखाकाकांसारखा आहे हे तुम्ही केव्हा ओळखलं?"

प्रमिलाबाईनं आधी नवऱ्याकडे बघितलं. मग सूप खाली ठेवलं.

"पाळनामाच."

पुढचं कुणी विचारलं नव्हतं, पण ती आपणहून बोलली. आवाजात राग नव्हता, पश्चात्तापही नव्हता. "मी सांगती ते गोपालले पोर कोन देतं?"

उज्ज्वला हिरेनला कडेवर घेऊन दारातच उभी होती. घरच्यांनी तिला कशावर विश्वास ठेवून या घरात दिलं होतं, ते आता तिच्यासमोर फरशीवर पडलं होतं. ती चप्पल काढून आत आली, सासूला ओलांडून आतल्या खोलीत गेली आणि सुमनच्या खाटेवर बसली.

त्या दिवसापासून मधलं दार उघडं राहिलं. रामदासला सगळं सांगितलं तेव्हा त्यानं दोनदा विचारलं, कॅप्सूलनं नाही असं डॉक्टरीण नक्की म्हणाली का? मग तो पायरीवर जाऊन पाठमोरा बसला. चारेक दिवसांनी त्यानं उज्ज्वलासाठी लोहाच्या गोळ्यांची पाकिटं आणून दिली.

दिवस राहिल्याचं कळल्यावर गोपालचं म्हणणं पडलं, पोटातलं हे पाडून टाकावं. तो वाईट माणूस नव्हता, घाबरला होता. उज्ज्वलालाही ते पटलं होतं. सुमन तिच्याबरोबर दवाखान्यात गेली. दोघी बाकावर बसल्या, उज्ज्वलाचा नंबर आला, नर्सनं नाव पुकारलं आणि ती उठली ती सरळ बाहेर चालू लागली. का, ते तिला सांगता आलं नाही. सुमन तिच्यामागोमाग निघाली.

डॉक्टरणीनं शिकवलं होतं तसं दोघी मुलांना घेऊन बसायच्या. आवडीची वस्तू आपल्या डोळ्यांजवळ धरायची आणि त्यानं बघेपर्यंत थांबायचं. हिरेननं पावसाळ्याच्या शेवटी एकदा बघितलं. क्षणभरच, पण आईच्या डोळ्यांत. मग कधी कधी बघायला लागला. पाणी हवं असलं की उज्ज्वलाचा हात धरून माठाकडे न्यायला लागला. भावेश फार हळू शिकला. बोलला तर नाहीच. पण कपाळ आपटणं कमी झालं आणि लोटू दारात बसलेले असले की तो त्यांच्या शेजारी येऊन बसायचा, बाहेर पळायचा नाही. प्रमिलाबाई स्वयंपाक करायची, सगळ्यांना वाढायची, पण मुलांबद्दल एक अक्षर काढायची नाही. शेजारणी विचारायच्या, तेव्हा ती आत निघून जायची.

बाळंतपणाला न्यायला उज्ज्वलाची आई अमळनेरहून आली. उज्ज्वलानं जायला नकार दिला. आई रडली, रागावली, दोन दिवस राहून परत गेली. त्या संध्याकाळी उज्ज्वलानं सुमनकडून एक वचन घेतलं.

"जे दिसेल ते मला त्याच दिवशी सांगायचं. मी चिडले तरी. दार लावलं तरी."

सुमननं कबूल केलं.

डिसेंबरात मुलगी झाली. जन्मल्याबरोबर जोरात रडली. दवाखान्यातल्या बाळंतिणींच्या अरुंद खोलीत सहा खाटा होत्या आणि सगळीकडून लेकरांचे आवाज येत होते. नर्सनं मुलीला गुंडाळून सुमनच्या हातात दिलं. सुमननं तिला उजेडाकडे नेलं. तोंड सुरकुतलेलं, लाल. डोळे आधी मिटलेले होते, मग उघडले. काळे, ओलसर, कुठेच न बघणारे, जसे त्या वयात सगळ्याच लेकरांचे असतात. सुमनच्या मनात आलं, हे तोंड मी नुसतं प्रेमानं बघू शकणार नाही. पुढचे कितीतरी महिने मी याच्यात काहीतरी शोधत राहीन.

खाटेवरून उज्ज्वला तिच्याकडे बघत होती. घामानं केस कपाळाला चिकटले होते.

"ताई, काही दिसतं का?"

"नाही," सुमन म्हणाली. "एवढ्यात दिसत नसतं."

उज्ज्वलानं हात पुढे केले. सुमननं मुलगी तिच्या कुशीत ठेवली, खाटेजवळचं स्टूल ओढलं आणि त्या दोघींकडे तोंड करून बसली.